लिहून ठेवलेली उपज

रशियन रचनाकार आणि पियानोवादक निकोलाय कापुस्तिन यांना जाझ संगीतकार म्हटलेले मान्य नव्हते, आणि त्यामागचे त्यांचे कारण तर्काला धरून होते. आयत्या वेळी सुचणे हा जाझचा प्राण आहे, आणि आयत्या वेळच्या सुचण्यात त्यांना रस नव्हता. त्यांची एखादी रचना ऐकताना वाटत राहते की पियानोवर बसलेला माणूस आत्ता मनात येईल तसा खेळतो आहे, एखादी जागा सापडली म्हणून तिथे रेंगाळतो आहे, डाव्या हाताने ठोक्याला हुलकावणी देतो आहे. प्रत्यक्षात त्यातला प्रत्येक स्वर, प्रत्येक आघात आणि प्रत्येक विराम आधीच कागदावर उतरलेला असतो. लिहून काढल्यामुळे आपली उपज सुधारली, असे ते एका मुलाखतीत म्हणाले होते. २ जुलै २०२० रोजी मॉस्कोत वयाच्या ८२ व्या वर्षी त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांच्या नावावर १६१ ऑपस क्रमांक, म्हणजे रचनांना दिलेले अनुक्रमांक, होते. त्यांत पियानोचे २० सोनाटा, पियानो आणि वाद्यवृंदाचे ६ कॉन्चेर्टो, २४ प्रील्यूड आणि शिवाय २४ प्रील्यूड-फ्यूगच्या जोड्या आहेत (फ्यूग म्हणजे एकच सुरावट अनेक स्वरधारांत पाठोपाठ येत राहते अशी रचना). एवढा पसारा असूनही अभिजात पियानोच्या अभ्यासक्रमात आणि गंभीर म्हणवणाऱ्या मैफलींच्या कार्यक्रमपत्रिकेत त्यांची जागा अजून कडेचीच आहे. मुख्य कार्यक्रम संपतो, टाळ्या होतात, आणि मग श्रोत्यांना खूश करण्यासाठी जे तीन मिनिटांचे वाजवले जाते त्यात ते भेटतात.

ही जागा चुकीची आहे, असे माझे म्हणणे आहे. कापुस्तिन यांना कोणी मुद्दाम डावलले, असा आरोप मी करत नाही. त्यांना कडेला बसवले ते दोन कसोट्यांनी, ज्या आपण इतक्या सवयीने वापरतो की त्या कसोट्या आहेत याचाच विसर पडतो. जाझच्या बाजूने विचारले जाते, हे उत्स्फूर्त आहे का? अभिजात संगीताच्या बाजूने विचारले जाते, हे नवे आहे का? दोन्ही प्रश्नांना कापुस्तिन यांचे उत्तर नकारार्थी आहे. मग प्रश्नच तपासायला हवेत.

त्याआधी त्यांच्या आयुष्याकडे थोडे पाहावे लागेल, कारण त्यांच्या शैलीचे मूळ तिथे आहे. २२ नोव्हेंबर १९३७ रोजी आजच्या युक्रेनमधील होर्लिव्का या कोळसा खाणींच्या गावी त्यांचा जन्म झाला. युद्ध आले, वडील त्यात मारले गेले, आणि कुटुंबाला किर्गिझस्तानातल्या तोकमाक गावी हलावे लागले. चौदाव्या वर्षी ते शिकायला मॉस्कोत आले. तिथले त्यांचे पहिले गुरू अव्रेलियन रुबाख हे फेलिक्स ब्लूमेनफेल्ड यांचे शिष्य, म्हणजे विख्यात पियानोवादक व्लादिमिर होरोविट्झ यांचे गुरुबंधू. पुढे मॉस्को कॉन्झर्वेटरीत अलेक्सांद्र गोल्डेनवायझर यांच्याकडे शिकून ते १९६१ मध्ये बाहेर पडले. इतकी खानदानी तालीम घेतलेल्या पियानोवादकाने स्पर्धा जिंकाव्यात आणि रखमानिनॉफ वाजवत देशभर फिरावे, अशी रीत होती. कापुस्तिन त्याच वर्षी ओलेग लुंडस्ट्रेम यांच्या बिग बँडमध्ये, म्हणजे मोठ्या जाझ वाद्यवृंदात, दाखल झाले आणि तिथे अकरा वर्षे राहिले.

या बँडची गोष्ट स्वतंत्रपणे सांगण्याजोगी आहे. १९३४ मध्ये चीनमधल्या हार्बिन शहरात स्थलांतरित रशियन तरुणांनी तो सुरू केला, युद्धानंतर १९४७ मध्ये तो सोव्हिएत संघात आला, आणि नेमका तो काळ जाझसाठी सर्वांत वाईट होता. मॅक्सिम गॉर्की यांनी १९२८ मध्येच ‘प्रावदा’त लेख लिहून या संगीतावर आग पाखडली होती, आता तर शीतयुद्ध सुरू झाले होते आणि ‘आज जो जाझ वाजवतो तो उद्या देश विकेल’ हे वाक्य तोंडोतोंडी झाले होते. बँडमधले लोक कझान शहरात विखुरले, मिळेल ती कामे करत टिकून राहिले आणि १९५६ मध्ये मॉस्कोत पुन्हा एकत्र उभे राहिले. कापुस्तिन आले तोवर वातावरण निवळले होते. त्यांच्या पिढीने जाझ प्रत्यक्षात फारसे पाहिले नव्हते. ते त्यांच्या कानी आले रात्रीच्या खरखरत्या रेडिओवरून, १९५५ पासून ‘व्हॉइस ऑफ अमेरिका’वर विलिस कोनोव्हर सादर करत असलेल्या कार्यक्रमातून. मला हा तपशील महत्त्वाचा वाटतो. जी गोष्ट दुरून, तुटक आणि पुन्हा ऐकायची सोय नसताना ऐकावी लागते, ती कान फार बारकाईने टिपतो, आणि लिहून ठेवण्याची ओढही बहुधा तिथूनच लागते.

आता पहिली कसोटी. उत्स्फूर्त ते खरे आणि लिहिलेले ते बेतलेले, ही समजूत जाझच्या रसिकांमध्ये खोलवर रुजलेली आहे, आणि ती का रुजली हेही समजण्याजोगे आहे: त्या संगीतातला धोका, पडण्याची शक्यता, सहवादकाने टाकलेल्या एका स्वरावरून दिशा बदलणे, हे सारे कागदावर येत नाही. ख्याल ऐकत वाढलेल्या कानाला तर ही समजूत पटवून द्यावीच लागत नाही. पण उत्स्फूर्तता हा संगीत घडण्याचा एक मार्ग आहे. त्यावरून संगीताची प्रत ठरत नाही. याचे सर्वांत चोख उदाहरण जाझच्याही दीडशे वर्षे आधीचे आहे. मे १७४७ मध्ये पॉट्सडॅमच्या राजवाड्यात प्रशियाचा राजा दुसरा फ्रेडरिक याने योहान सेबास्टियन बाखला एक वाकडी, अर्ध्या स्वरांनी उतरणारी सुरावट दिली आणि तिच्यावर तिथल्या तिथे फ्यूग बांधायला सांगितले. बाखने तीन स्वरधारांचा फ्यूग बसल्या जागी वाजवून दाखवला. पुढे सहा धारांची मागणी झाली, तेव्हा त्याने राजाची सुरावट बाजूला ठेवून स्वतःची निवडली, कारण वाटेल ती सुरावट सहा धारांचे ओझे पेलत नाही. राजाच्या सुरावटीवरचा सहा धारांचा फ्यूग त्याने लाइपझिगला घरी परतल्यावर लिहिला, आणि त्याच वर्षी दोन्ही रचना एकाच संग्रहात छापल्या. तीन धारांच्या रचनेत आयत्या वेळच्या सुचण्याच्या खुणा आहेत, असे अभ्यासक मानतात. ती मोकळी चालते, मध्येच वळते, एखाद्या कल्पनेशी खेळून ती सोडून देते. सहा धारांच्या रचनेत अशी मोकळीक नाही, पण तिथे जे घडते ते जगातल्या कोणालाही आयत्या वेळी घडवता आले नसते. यांपैकी खरे कोणते, असे कोणी विचारत नाही.

कापुस्तिन यांचे काम या दुसऱ्या जातीचे आहे. १९८४ चे आठ कॉन्सर्ट एत्यूद, ऑपस ४०, घ्या. एत्यूद म्हणजे वादनातले एखादे कौशल्य पणाला लावणारी छोटी रचना. त्यातला पाचवा एत्यूद बूगी-वूगीच्या चालीवर, ब्लूजच्या ओळखीच्या साच्यात सुरू होतो. हा साचा जाझमध्ये अक्षरशः हजारो वेळा वाजला आहे. त्याची फेरी संपली की वादक नवी फेरी सुरू करतो, आणि प्रत्येक फेरी आधीच्या फेरीशेजारी मण्यासारखी ओवली जाते. कापुस्तिन या फेऱ्यांना चढण देतात. डाव्या हाताची आकृती जागा बदलते, उजव्या हाताचे वाक्य फेरीची सीमा ओलांडून पुढच्या फेरीत जाऊन संपते, आणि सुरुवातीची नकलाखोर थट्टा हळूहळू दमछाक करणाऱ्या युक्तिवादासारखी होत जाते. सातवा एत्यूद दुहेरी स्वरांचा, मुख्यतः तिसऱ्या स्वराच्या अंतराने चालणाऱ्या जोड्यांचा आहे. शोपँनेही अशा जोड्यांचा एक एत्यूद लिहिला आहे, आणि कापुस्तिन यांना ते अर्थातच ठाऊक होते. फरक इतकाच की इथे त्या जोड्या एखाद्या आळसावलेल्या सुरावटीला सजवायला येतात आणि नंतर तिला पळवून नेतात. अशी आखणी करायला मागे-पुढे पाहता यावे लागते, खोडता यावे लागते. आयत्या वेळी वाजवणाऱ्याला खोडता येत नाही. त्याचे सामर्थ्य तिथेच आहे आणि मर्यादाही.

यावर एक आक्षेप मात्र गंभीर आहे. स्विंग, म्हणजे जाझच्या लयीतला हेलकावा, लिहिता येत नाही. लिहिले की ते ताठरते, आणि कॉन्झर्वेटरीत घडलेला पियानोवादक ते वाजवू लागला की शाळेतल्या कवायतीसारखे ऐकू येते. हे खरेच घडते. काही ध्वनिमुद्रणे मी अर्ध्यावर बंद केली आहेत. पण हा दोष स्वरलेखनाचा मानायचा तर तो शोपँच्या माझुर्का या पोलिश धाटणीच्या नृत्यरचनांनाही लावावा लागेल. शोपँचा शिष्यवर्ग आणि मित्रमंडळ यांत वावरलेला पियानोवादक चार्ल्स हाले याने नोंदवून ठेवले आहे की शोपँ स्वतः माझुर्का वाजवताना तीन ठोक्यांचे माप चार ठोक्यांचे वाटे, इतका तो पहिल्या ठोक्यावर रेंगाळत असे. ते रेंगाळणे कागदावर नाही. ते शिकवले गेले, ऐकले गेले, हातातून हातात आले. कापुस्तिन यांची रचना वाजवणाऱ्यालाही कागदाच्या आधी कान तयार करावा लागतो, आणि आजची शिक्षणसंस्था नेमके तेच घडू देत नाही: जाझचा विभाग एका मजल्यावर, अभिजात संगीताचा दुसऱ्या. ऑपस ४० शिकणाऱ्या विद्यार्थ्याने आर्ट टेटम आणि ऑस्कर पीटरसन या जाझ पियानोवादकांना मनापासून ऐकलेच नसेल, तर त्याच्या हातून चेर्नीचे बोटांच्या सरावाचे पाठ ऐकू येणार. तो दोष त्याच्या माथी मारणे सोपे आहे.

या दोन मजल्यांमधली भिंत किती अलीकडची आहे, हे एका वंशावळीवरून दिसते, आणि ही वंशावळ मला प्रत्येक वेळी नव्याने चकित करते. ऑस्कर पीटरसन यांचा प्रभाव कापुस्तिन मोकळेपणाने मान्य करत. पीटरसन माँट्रियलमध्ये ज्यांच्याकडे शिकले ते पॉल द मार्की हंगेरियन होते. त्यांचे गुरू इश्तवान तोमान. आणि तोमान यांचे गुरू फ्रान्झ लिस्ट. इकडे कापुस्तिन यांचे गुरू गोल्डेनवायझर काही काळ अलेक्सांद्र सिलोती यांच्याकडे शिकले होते, आणि सिलोती हेही लिस्टचेच शिष्य. म्हणजे घराण्याच्या भाषेत बोलायचे तर माँट्रियलचा जाझ पियानोवादक आणि मॉस्कोचा रचनाकार हे एकाच मूळ पुरुषाचे पणतू-शिष्य ठरतात. रेडिओच्या खरखरीतून कापुस्तिन यांना जे परके आणि नवे ऐकू आले, त्यातले बोटांचे काम त्यांच्याच घरातले होते.

दुसरी कसोटी नवतेची. १९५२ मध्ये फ्रेंच रचनाकार पिअर बुलेझ यांनी लिहिले होते की बारा स्वरांच्या भाषेची, म्हणजे सप्तकातले बाराही स्वर समान मानून रचना करण्याच्या पद्धतीची, निकड ज्याला जाणवली नाही असा संगीतकार निरुपयोगी आहे. तेव्हा ते तरुण होते, भांडखोर होते, आणि पुढे खुद्द त्यांनीच असंख्य ‘निरुपयोगी’ रचनाकारांचे संगीत उत्तम संचलित केले. पण त्या वाक्यामागची वृत्ती टिकली. संगीताची भाषा पुढे नेतो तो महत्त्वाचा आणि बाकीचे कारागीर, ही विभागणी समीक्षेत, पुरस्कारांत आणि अभ्यासक्रमांत आजही काम करते. १९८४ मध्ये कापुस्तिन यांचे एत्यूद लिहून झाले. पुढच्याच वर्षी हंगेरियन रचनाकार ग्यॉर्गी लिगेती यांनी आपल्या एत्यूदांचा पहिला खंड पूर्ण केला आणि १९८६ मध्ये त्याला संगीतरचनेचा ग्रॉमायर पुरस्कार मिळाला. लिगेती यांनाही जाझचे प्रेम होते. त्यांच्या एत्यूदांत ते जाणवतेही. पण त्यांनी ते आफ्रिकी लयींशी आणि यांत्रिक पियानोच्या गणिताशी मिसळून असे काही घडवले जे पूर्वी कोणी ऐकले नव्हते. लिगेती हे मोठे संशोधक होते, आणि ती थोरवी कापुस्तिन यांच्याकडे नाही, हे मान्य करायला मला काहीच अडचण वाटत नाही. अडचण वाटते ती त्यापुढच्या पायरीची: म्हणून कापुस्तिन दखलपात्र नाहीत. बाख स्वतः उतारवयात जुनाट ठरला होता. १७३७ मध्येच समीक्षक योहान आडोल्फ शायबे याने त्याच्या संगीतावर अनैसर्गिक गुंतागुंतीचा ठपका ठेवला होता, आणि बाखने त्यानंतर आणखी गुंतागुंतीचे फ्यूग लिहिले. नवतेच्या कसोटीवर तो त्या वेळी नापासच होता.

कापुस्तिन यांच्याकडे जे आहे ते नवतेइतकेच दुर्मीळ आहे: दोन पूर्ण वाढलेल्या भाषांवर सारखीच हुकमत, आणि एकीचे व्याकरण दुसरीच्या वाक्यात न अडखळता चालवणे. दोन भाषांची खिचडी करणारे विसाव्या शतकात पुष्कळ झाले. १९५७ मध्ये अमेरिकन रचनाकार गुंथर शुलर यांनी अशा मिश्रणाला ‘तिसरा प्रवाह’ असे नावही दिले, आणि त्या नावाखाली बरेचदा असे झाले की आधी थोडा वाद्यवृंद, मग थोडा जाझ, मधे शिवण स्पष्ट दिसते. कापुस्तिन यांच्या १९७७ च्या ‘जुन्या शैलीतला सुइट’ (नृत्यरचनांची माला), ऑपस २८, मध्ये शिवण दिसत नाही. अलमांद, गावोत, साराबांद, बूरे, झीग हे अठराव्या शतकातले नृत्यप्रकार एकामागून एक येतात, त्यांची दुभागी रचना शाबूत असते, आणि तरी पहिल्या मापापासून शेवटपर्यंत जी बोली कानावर पडते ती जाझची असते. १९८४ च्या व्हेरिएशन्स, ऑपस ४१, ची सुरुवात स्ट्राविन्स्की यांच्या १९१३ च्या ‘द राइट ऑफ स्प्रिंग’ या बॅलेतल्या, बासून या फुंकवाद्याच्या त्या प्रसिद्ध सुरावटीवरून घेतलेली आहे. प्राचीन रशियाचा आभास देणारी ती सुरावट इथे अर्ध्या मिनिटात रात्रीच्या क्लबमध्ये येऊन बसते. हे विनोदी आहे, आणि विनोद असूनही पुढची सहा-सात मिनिटे तिचे रूपांतर पूर्ण गांभीर्याने होत राहते. अशा विनोदाला संगीताच्या समीक्षेत फार कमी किंमत दिली जाते.

एक प्रश्न राहतो, आणि तो बाजूला सारता येणार नाही. जाझ ही अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय समाजाची निर्मिती आहे. ती त्यांच्या दुःखातून आणि अपमानातून आली, हे अर्धेच सांगणे झाले. ती त्यांच्या बुद्धीतून आणि कसबातूनही आली. मग मॉस्कोतल्या एका गोऱ्या रचनाकाराने तिला सोनाटाचा कोट चढवल्यावरच ती अभिजात मैफलीत यावी, यात अन्याय नाही का? आहे. कृष्णवर्णीय गायिका निना सिमोन यांना अभिजात पियानोवादक व्हायचे होते. १९५१ मध्ये फिलाडेल्फियाच्या कर्टिस संस्थेने त्यांना प्रवेश नाकारला, तो वर्णामुळेच, असे त्या अखेरपर्यंत मानत राहिल्या. २००३ मध्ये, त्यांच्या मृत्यूच्या जेमतेम दोन दिवस आधी, त्याच संस्थेने त्यांना मानद पदवी दिली. ती भिंत उभी होती ती अशी. पण कापुस्तिन यांना बाहेर ठेवल्याने हा अन्याय कमी होत नाही. उलट त्यांना आत घेताना त्यांच्या शेजारी टेटम आणि पीटरसन यांची नावे पत्रिकेत छापली जावीत, विद्यार्थ्यांनी त्यांची ध्वनिमुद्रणे अभ्यासाचा भाग म्हणून ऐकावीत, असा आग्रह धरला तर ज्यांचे देणे आहे त्यांना ते निदान नावानिशी मिळेल. कापुस्तिन यांनी स्वतः हे देणे कधी लपवले नाही.

त्यांच्या बाजूने बोलताना त्यांचे दोष झाकण्याचे मात्र कारण नाही. वीस सोनाटांपैकी सगळे सारख्या तोलाचे नाहीत. उत्तरकाळातल्या कित्येक रचनांत स्वरांची दाटी सुरुवातीपासून अखेरपर्यंत एकसारखी राहते, शांतता फार थोडी मिळते, आणि सलग तीन सोनाटा ऐकले तर कान शिणतो. मंद लयीतल्या भागांत ते कधी कधी गोड हार्मनीच्या आश्रयाला फार लवकर जातात. हे दोष मोकळेपणाने सांगता यावेत यासाठीच त्यांना मुख्य कार्यक्रमात बसवायला हवे. टाळ्यांनंतरच्या तीन मिनिटांवर कोणी समीक्षा लिहीत नाही.

गेल्या पंचवीस वर्षांत त्यांची कीर्ती वाढली आहे, हे खरे. पियानोवादक स्टीव्हन ऑस्बर्न यांनी २००० मध्ये आणि मार्क-आंद्रे हॅमलिन यांनी २००४ मध्ये काढलेल्या ध्वनिमुद्रणांनी त्यांना पश्चिमेत श्रोते मिळवून दिले, जर्मनीच्या शॉट प्रकाशनाने त्यांची पुस्तके सहज मिळतील अशी व्यवस्था केली, आणि जगभरचे विद्यार्थी आता ऑपस ४० चा पहिला एत्यूद वाजवतानाची चित्रफीत काढतात. यातल्या शेवटच्या गोष्टीने मला पूर्ण आनंद होत नाही. वेग हा या संगीताचा सर्वांत वरचा थर आहे, आणि जेव्हा तीच एक कसोटी होते तेव्हा जुन्या दोन कसोट्यांमध्ये तिसरी, आणखी उथळ, येऊन बसते. अतिवेगात तर स्विंगचे हेलकावे आपोआप सपाट होतात. लांब-आखूड स्वरांतला फरकच उरत नाही. वाजवणारा जिंकतो आणि रचना हरते.

म्हणून माझी मागणी साधी आणि मोजता येण्याजोगी आहे. प्रवेशपरीक्षा आणि स्पर्धा यांत एत्यूद निवडीचा असेल तिथे शोपँ, लिस्ट, देब्युसी, लिगेती यांच्या यादीत कापुस्तिन यांचे नाव असावे, आणि परीक्षकांत निदान एकाला जाझची लय कळत असावी. सोनाटा क्रमांक २, ऑपस ५४, हा १९८९ चा चार भागांचा सोनाटा मैफलीच्या उत्तरार्धात पूर्ण वाजवला जावा. त्याचा पहिला भाग ज्या रीतीने दोन विषय मांडतो, भिडवतो आणि परत आणतो, ती रीत हायडनची आहे. तेव्हा पूर्वार्धात हायडनच ठेवावा, आणि ‘आता थोडे हलकेफुलके’ अशी प्रस्तावना कोणी करू नये.

आणि ज्याला हे काम हाती घ्यायचे आहे त्याने कापुस्तिन यांनी स्वतः वाजवलेले ऑपस ४० ऐकावे. त्यांना मंचाची ओढ नव्हती, पण स्टुडिओत ते आपल्या रचना कसून वाजवत. लय घट्ट आहे, पेडल कमी, कुठेही अवघड जागा आली म्हणून चाल मंदावलेली नाही आणि अवघड जागा पार पडली म्हणून वेग वाढलेलाही नाही. आठवा एत्यूद संपतो तो शेवटच्या स्वरावर क्षणभरही न रेंगाळता, जसा कागदावर लिहिला आहे तसा.